समुद्र नसलेल्या गावचे मोती

मुलीचं लग्न ठरलं आणि पाठोपाठ हैदराबादची खेपही ठरली. उदगीर, भालकी, बिदर हा सगळा मुलूख 1956 पर्यंत हैदराबाद राज्यात होता. पुढं राज्यं बदलली, पण आमच्याकडे लग्नाचे मोती हैदराबादचेच. सोबत आजीची नथ घेतली होती. तिचे मोती पिवळसर पडलेले, एक तर जरा वाकडाच. ते काढून नवे, एकसारखे बसवावेत, असं सौ.चं म्हणणं.

चारमिनारजवळ पत्थरगट्टीत मोत्यांची दुकानंच दुकानं. समुद्र मात्र शेकडो किलोमीटर लांब! इथं पाणबुडे नव्हतेच. इथं होते मोती निवडणारे, भोक पाडणारे, ओवणारे कारागीर आणि निजामासारखं गिऱ्हाईक. माल यायचा इराणच्या आखातातून. म्हणून नाव 'बसरा मोती'.

दुकानातल्या म्हाताऱ्या मियाँनी नथ भिंगाखाली धरली. म्हणाले, "साब, ये असली बसरा है. इसे मत निकालो."

हे मोती आले कसे? बहरीन, कुवेतकडचे पाणबुडे उन्हाळ्याचे चारेक महिने समुद्रात काढत. नाकाला चिमटा, गळ्यात टोपली, पायाला दगड. एका दमात तळ गाठायचा, शिंपले गोळा करायचे आणि दोर हलवायचा, की वरचा गडी ओढून घेई. दिवसभर हेच. मालकाची उचल आधीच घेतलेली. मोती कमी निघाले तर ती फिटत नसे. बापाचं कर्ज मुलाच्या डोक्यावर येई. आपल्या भागात ऊसतोडीची उचल ज्यांना ठाऊक आहे, त्यांना हे वेगळं सांगायला नको.

पुढं जपानचे संवर्धित मोती बाजारात आले, 1932 साली बहरीनला तेल लागलं आणि तो धंदा मोडला. आज दुकानांत दिसतात ते बरेचसे चीनमधल्या गोड्या पाण्यातले. निजामाच्या जवाहिरांत बसरा मोत्यांचा सातपदरी हार आहे. केंद्र सरकारनं 1995 मध्ये ती सगळी जवाहिरं विकत घेतली. हार निजामाच्या नावानं ओळखला जातो. त्यासाठी श्वास कोंडून बुडी घेणाऱ्यांची नावं कुणाला ठाऊक?

आजी भालकीची. कन्नडात मोत्यालाही 'मुत्तु' आणि मुक्यालाही 'मुत्तु'. लहानपणी ती आम्हाला जवळ ओढायची, तेव्हा हीच नथ गालाला टोचायची. सौ.ला हे सांगितलं. ती थोडा वेळ गप्प राहिली, मग मियाँना म्हणाली, "फक्त तार बदलून द्या."

लग्नात लेकीनं तीच नथ घातली. वाकड्या मोत्यासकट.