पोस्टर करणाऱ्याला तालमीला बोलवा

नाटकांची आणि मैफलींची पोस्टर करणं हा माझा धंदा. या धंद्याविषयी एक समज पक्का रुजलेला आहे: पोस्टर म्हणजे कल्पना, आणि कल्पना सुचायला कितीसा वेळ लागतो? त्यामुळे निर्मात्याचा फोन येतो तो बहुधा सगळं ठरल्यावर. शुभारंभाची तारीख घेतलेली असते, नाट्यगृह मिळालेलं असतं, तालमी संपत आलेल्या असतात आणि जाहिरात परवा द्यायची असते. संहिता मागितली तर चार ओळींचा सारांश येतो. सोबत कलाकारांचे फोटो, पुरस्कर्त्यांचे लोगो आणि कोणाचं नाव कोणाच्या आधी, याच्या सक्त सूचना. इतकी वर्षं हे काम केल्यावर माझं मत या समजाच्या अगदी उलट झालं आहे. एखादं पोस्टर घाईत चांगलं होऊ शकतं, तसं झालेलंही आहे. पण पोस्टर करणाऱ्याची कारकीर्द उभी राहते ती एखाद्या रंगभूमीशी, एखाद्या संस्थेशी किंवा एखाद्या महोत्सवाशी त्याचं वर्षानुवर्षं जे नातं असतं त्यावर. ज्यांची नावं आम्ही या क्षेत्रातले लोक आदरानं घेतो, त्यांतल्या बहुतेकांच्या मागे असं एक घर सापडतं.

घाईच्या बाजूनं नेहमी दिलं जाणारं उदाहरण आल्फोन्स मुखाचं आहे. १८९४च्या डिसेंबरअखेरीस पॅरिसमध्ये सारा बर्नार्डला ‘जिस्मोंदा’ या नाटकासाठी तातडीनं पोस्टर हवं होतं. ते मुखानं केलं, १ जानेवारी १८९५ला ते भिंतींवर लागलं आणि जेमतेम पोट भरणारा हा चित्रकार एकदम प्रसिद्धीला आला. गोष्ट इथेच थांबवली की एका रात्रीत नशीब उघडल्याचा पुरावा मिळतो. मला मात्र गोष्टीचा पुढचा भाग जास्त महत्त्वाचा वाटतो. बर्नार्डनं त्याच्याशी सहा वर्षांचा करार केला. त्या काळात रेनेसाँस थिएटर ती स्वतःच चालवत होती; म्हणजे नटी तीच, निर्माती तीच आणि गिऱ्हाईकही तीच. ‘ला दाम ओ कामेलिया’, ‘लोरेंझाच्चो’, ‘मेदे’, ‘हॅम्लेट’ या सगळ्या पोस्टरांत उंच, अरुंद चौकट तीच राहिली. वर नाव, खाली थिएटर आणि मध्ये पूर्णाकृती बर्नार्ड. लांबून पाहणाऱ्याला हे कोणाचं नाटक ते अक्षर वाचण्याआधीच कळायचं. चौकट कायम असल्यामुळे आतला बदल उठून दिसायचा: कधी ती कामेलियाची फुलं घेतलेली प्रेयसी, तर कधी पन्नाशी ओलांडल्यावर पुरुषवेशात उभा राहिलेला हॅम्लेट. ‘मेदे’च्या पोस्टरमध्ये मुखानं तिच्या हाताभोवती सापाच्या आकाराचं कडं काढलं. ते तिला इतकं आवडलं की पुढे जॉर्ज फूके या जवाहिऱ्याकडून ते खरोखर घडवून घेतलं गेलं. पोस्टर भिंतीवरून नटीच्या हातावर जाऊन बसलं. परवाच्या जाहिरातीसाठी नेमलेल्या माणसाकडून अशी देवाणघेवाण होत नाही.

याहून टोकाचं उदाहरण स्वित्झर्लंडमधलं आहे. विलिसाऊ हे ल्युसर्न परगण्यातलं छोटंसं गाव. तिथला निक्लाउस ट्रॉक्सलर १९६६पासून जॅझच्या मैफली भरवत होता आणि १९७५पासून त्यानं गावात जॅझ महोत्सव सुरू केला. वादकांना बोलावायचा तोच आणि त्यांची पोस्टर करायचा तोही तोच. स्विस रस्त्यांवर पोस्टरचा आकार ठरलेला, साधारण ९० बाय १२८ सेंटिमीटर. त्या एका आयतात त्यानं दशकानुदशकं इतके प्रकार केले की वादकाचा फोटो लावायची गरजच उरली नाही. नुसत्या रेघा, ठिपके, वेडीवाकडी अक्षरं एवढ्यावर वाजवण्याची जात कळावी, हा त्याचा आग्रह. हे धाडस त्याला परवडलं याचं कारण उघड आहे. ‘नाव अजून मोठं करा’ असं सांगणारा आयोजक तो स्वतःच होता. कोणी म्हणेल, मग हा पुरावा कसला, हा तर अपवाद. मान्य. पण अपवादातूनच एक गोष्ट लख्ख दिसते. कार्यक्रम कोणाला ऐकवायचा हे ठरवणारा आणि तो कसा दिसावा हे ठरवणारा, यांच्यातलं अंतर जितकं कमी, तितकं पोस्टर निर्भय. दोघं एकच व्यक्ती असण्याची गरज नाही. एका खोलीत बसले तरी पुष्कळ.

यावरचा सगळ्यात वजनदार आक्षेप साचेबंदपणाचा आहे. एकाच घरचं काम वर्षानुवर्षं केलं की हात बसतो, आणि बसलेला हात आळशी होतो. मुखाच्या वेलबुट्ट्यांची पुढे जी सरसकट नक्कल झाली, ती पाहता आक्षेप खोटा नाही. पण न्यूयॉर्कच्या पब्लिक थिएटरचं उदाहरण पाहा. पॉला शेर हिनं १९९४मध्ये तिथलं काम हाती घेतलं. जुन्या लाकडी खिळ्यांच्या छपाईची आठवण देणारी जाड-बारीक अक्षरं एकमेकांना खेटून, आडवीतिडवी लावायची, असा तिचा खाक्या. ‘ब्रिंग इन द नॉइझ, ब्रिंग इन द फंक’ या १९९५च्या नृत्यनाट्याच्या पोस्टरमध्ये तर अक्षरं नर्तकाच्या भोवती पाय आपटत असल्यासारखी दिसतात. ही शैली शहराला इतकी आवडली की जो तो तशाच जाहिराती करू लागला आणि पब्लिकची ओळख पब्लिकच्या हातून निसटायला लागली. इथे साचेबंद झालं ते शहर. त्यावर उतारा शोधायला तिला सवड मिळाली, कारण ती त्या थिएटरला सोडून गेली नव्हती. आपलीच शैली मोडून तिनं पुन्हा नवी घडवली. एका कामापुरत्या बोलावलेल्या कलाकाराला स्वतःची नक्कल मोडण्याची संधी कोण देतो? त्याला मागच्या वेळचंच मागितलं जातं.

आपल्याकडे कमल शेडगे यांचं नाव घेतल्याशिवाय हा विषय पुरा होत नाही. टाइम्स समूहाच्या कलाविभागात नोकरी करत असताना आणि नंतरही त्यांनी मराठी नाटकांची शीर्षकं अक्षरांतून उभी केली. ‘रायगडाला जेव्हा जाग येते’, ‘मत्स्यगंधा’ ही त्यांतली. जुलै २०२०मध्ये ते गेले तेव्हा अनेकांना जाणवलं की कित्येक नाटकं आपल्या डोळ्यांपुढे त्यांच्याच वळणात उभी आहेत. त्यांचं घर म्हणजे एखादी संस्था नव्हती, वर्तमानपत्रातलं नाटकांच्या जाहिरातींचं अख्खं पान होतं. या पानाची अडचण ज्यानं भोगली आहे त्यालाच त्यांची कमाल कळेल. जागा सेंटिमीटरनं विकत घ्यायची, शेजारी दहा नाटकं ओरडत असायची, कागद स्वस्त आणि शाई पसरणारी. त्यात देवनागरीला कॅपिटल अक्षरं नाहीत, त्यामुळे इंग्रजीसारखं नुसतं कॅपिटलात लिहून आवाज चढवता येत नाही. वर वेलांटी, मात्रा, रफार; खाली उकार; दोन ओळी जवळ आणल्या की यांची टक्कर ठरलेली. अक्षरं एकाखाली एक रचावीत तर शिरोरेषा तुटून शब्द विस्कटतो. म्हणजे नाटकाचा स्वभाव दाखवायचा तो शिरोरेषेची जाडी, वेलांटीचा झोक आणि काना कुठवर ओढायचा एवढ्यातूनच. तयार फॉन्ट इथे फारसा उपयोगी पडत नाही, कारण तो कौटुंबिक नाटकाला आणि फार्सला एकाच चेहऱ्यानं सामोरा जातो. ही जाण पानावर आठवड्यामागून आठवडे काम केल्याशिवाय येत नाही.

मग मिल्टन ग्लेझरचं काय, असं विचारलं जाईल. बॉब डिलनची काळी बाह्याकृती आणि त्यावर रंगीत केसांचे झोत, हे पोस्टर १९६७मध्ये डिलनच्या ‘ग्रेटेस्ट हिट्स’ या रेकॉर्डच्या वेष्टनात घडी घालून आलं आणि जगभरच्या भिंतींवर लागलं. एकच काम आणि अजरामर. पण ते आलं तेव्हा ग्लेझरनं मित्रांबरोबर सुरू केलेल्या पुश पिन स्टुडिओला बारा-तेरा वर्षं झाली होती. घर इथेही आहे, फक्त ते गिऱ्हाइकाचं नाही, कारागिरांचं आहे. दुसरा आक्षेप मला जास्त आवडतो, कारण तो माझ्या भावुकतेला चिमटा काढतो. ब्लू नोट या जॅझ कंपनीची ५००च्या आसपास मुखपृष्ठं करणाऱ्या रीड माइल्सला जॅझची फारशी आवड नव्हती. त्याचा ओढा पाश्चात्त्य अभिजात संगीताकडे. मग संगीतावर प्रेम हवं, तालमीला बसायला हवं, हे सगळं थोतांडच की! मला तसं वाटत नाही. रेकॉर्डमध्ये काय आहे ते कंपनीचा आल्फ्रेड लायन त्याला समजावून सांगायचा आणि फ्रान्सिस वुल्फनं ध्वनिमुद्रणाच्या वेळी काढलेले फोटो त्याच्या टेबलावर यायचे. प्रेम नसलं तरी चालतं. आतली बातमी मात्र हवी, आणि ती वर्षानुवर्षं एकाच माणसाकडून हवी.

उरला पैशाचा आणि मोबाइलचा प्रश्न. निर्माते म्हणतात, नाटकाचेच पैसे निघत नाहीत, पोस्टरवाल्याला वर्षभर कुठून पोसणार? आणि आता पोस्टर भिंतीवर कुठे असतं, ते स्टेटसला असतं, दोन सेकंदांत वर सरकवलं जातं. दुसऱ्या मुद्द्याचं उत्तर सोपं आहे. दोन सेकंदच मिळत असतील तर आठ चेहरे, बारा नावं आणि सहा लोगो भरण्यात काय हशील आहे? दोन सेकंदांत ओळख पटते ती आधी रुजवलेल्या चेहऱ्याची, आणि तो रुजवायला सातत्यच लागतं. पैशाचं दुखणं खरं आहे, मी ते नाकारत नाही. पण तालमीला येऊन बसायला मी वेगळे पैसे मागत नाही आणि माझ्या ओळखीतलं कोणीही मागत नाही. पाच नाटकांची पाच कामं पाच जणांना देण्याऐवजी एकाला द्या, पहिल्या वाचनाला बोलवा आणि श्रेयनामावलीचा क्रम ठरवताना त्यालाही समोर बसवा. यात खर्च वाढत नाही. नवं नाटक हाती घेणाऱ्या प्रत्येक निर्मात्याला माझी एवढीच विनंती आहे: पुढच्या वेळी फोन वाचनाच्या आदल्या दिवशी करा.