मार्गारेट रदरफर्डची हनुवटी

‘मर्डर शी सेड’ हा १९६१चा चित्रपट परवा पुन्हा लावला, तो रहस्यासाठी नव्हे. खुनी कोण ते मला पाठ आहे. लावला तो मार्गारेट रदरफर्डच्या हनुवटीसाठी. धावत्या गाडीतून मिस मार्पल शेजारच्या गाडीत एका बाईचा गळा आवळला जाताना पाहते, पोलिसांना सांगते, आणि पोलीस मनावर घेत नाहीत. मग ती हनुवटी कामाला लागते. आधी पुढे येते, ओठ मुडपले जातात, गाल लोंबतात, आणि सुपारी चघळत असावी तसा अख्खा जबडा हलू लागतो. संवाद नसला तरी चालतं. इन्स्पेक्टरचं काही खरं नाही, हे आपल्याला कळून चुकतं.

अगाथा ख्रिस्तीची मार्पल किरकोळ अंगाची, नाजूक म्हातारी. ही बाई आडव्या बांध्याची, अंगावर ट्वीडचा डगला, आणि तोही घरून आणलेला. या भूमिकेत ती स्वतःचेच कपडे घालत असे. ख्रिस्तीबाईंना हे चित्रपट रुचले नाहीत, तरी १९६२ची एक मार्पल-कादंबरी त्यांनी मार्गारेटलाच अर्पण केली. मला हा व्यवहार फार आवडतो.

खुनासारखा गलिच्छ विषय नको म्हणून तिने आधी या भूमिकेला नकार दिला होता, असं सांगतात. ऐकायला नखरा वाटतो. पण १८८३ साली तिच्या वडिलांनी, विल्यम बेन यांनी, स्वतःच्या वडिलांचा खून केला होता. लग्नानंतर थोड्याच दिवसांत विल्यमचं डोकं बिघडलं. विश्रांती मिळावी म्हणून धर्मोपदेशक बापाने त्यांना मॅटलॉक बाथ या गावी नेलं, आणि तिथे पलंगाखालचं लघवीचं भांडं डोक्यात घालून मुलाने बापाला संपवलं. रवानगी ब्रॉडमूरच्या वेड्यांच्या इस्पितळात. १८९०मध्ये सुटका झाल्यावर बेन आडनाव टाकून रदरफर्ड घेतलं, १८९२मध्ये मार्गारेट झाली, आणि नव्याने संसार मांडायला हे कुटुंब थेट मद्रासला आलं. तिथे गरोदर आईने झाडाला गळफास घेतला. तीन वर्षांच्या पोरीला विम्बल्डनला बेसीमावशीकडे पाठवलं. वडील वारले, एवढंच तिला माहीत. बाराव्या वर्षी कळलं, की ते जिवंत आहेत आणि पुन्हा ब्रॉडमूरमध्येच आहेत. वेड आपल्याही रक्तात असेल, ही धास्ती मग जन्मभर पाठीशी. विनोदी नटांचं दुःख उगाळून त्यांना मोठं करण्याची आपल्याकडची हौस मला एरवी सोसत नाही. पण मद्रासच्या त्या झाडाशी वाचताना अडखळलो, हे खरं.

रंगभूमीवर ती आली तेव्हा ३३ वर्षांची होती. तोवर पियानोच्या आणि शब्दोच्चारांच्या शिकवण्या, सायकलवरून दारोदार. मावशीच्या मृत्यूनंतर थोडे पैसे हाती आले आणि १९२५मध्ये ती ओल्ड व्हिकमध्ये दाखल झाली. नायिकेचा चेहरा नव्हताच, तेव्हा ती वाट आपोआप बंद. चाळिशी उलटल्यावर नाव झालं. १९४१मध्ये नोएल कॉवर्डच्या ‘ब्लाइद स्पिरिट’मध्ये ती मादाम आर्काती झाली. भुतं बोलावणारी बाई, तीही सायकलवरून येणारी! दुसरी एखादी नटी या बाईची टर उडवून टाळ्या घेती. मार्गारेटने आर्कातीला मनापासून खरं मानलं. डेव्हिड लीनच्या १९४५च्या चित्रपटात पाहा: भूत खरोखरच आलंय हे कळल्यावर ती घाबरत नाही, हरखते, इतक्या वर्षांच्या धंद्यात पहिल्यांदाच माल पोचल्यासारखी. हसू येतं ते त्या हरखण्याचं.

ऑस्कर मिळालं ते ‘द व्हीआयपीज’मधल्या कंगाल डचेसबद्दल, तेही बर्टन आणि टेलर ऐन भरात असताना. चित्रपट तिने दोघांच्या नाकाखालून उचलला.

नवरा स्ट्रिंगर डेव्हिस मात्र सगळीकडे बरोबर. मार्पलच्या चारही चित्रपटांत तो मिस्टर स्ट्रिंगर म्हणून भित्रेपणाने मागे मागे चालतो. पुस्तकांत असं पात्रच नाही. केवळ त्याच्यासाठी घडवलेलं. अशा वशिलेबाजीला माझी हरकत नाही. हरकत असेल ती ‘मर्डर शी सेड’मधल्या मिसेस किडरला फारच थोडे प्रसंग दिल्याबद्दल. ती भूमिका जोन हिक्सनची. पुढे १९८४पासून बीबीसीवर तीच मिस मार्पल झाली, आणि पुस्तकातली खरी मार्पल हीच, असं जाणकार म्हणतात. बरोबरच आहे त्यांचं. मी मात्र जाड बाईच्या बाजूचा.