आरोपी गादीवर

माझ्याकडे पटकथा शिकायला येणाऱ्या मिरजेच्या मुलीनं पिलाताचा प्रसंग लिहून आणला. न्यायासनावर बसलेल्या सुभेदाराला बायकोचा निरोप येतो, त्या नीतिमान माणसाच्या, येशूच्या, वाटेला जाऊ नका म्हणून. हे फक्त मत्तयाच्या शुभवर्तमानात आहे. मुलीनं निरोप्या आणला, पण निरोप ऐकूच येऊ दिला नाही. बाहेर जमाव ओरडत राहतो आणि आपण पिलाताचा चेहरा वाचत बसतो. त्याच रात्री मी माझ्या रामशास्त्र्यांच्या, पेशवाईतल्या त्या न्यायाधीशाच्या, पटकथेची पानं पुन्हा काढली.

माहुलीचे शास्त्री म्हणजे आम्हा सातारकरांच्या घरचेच. १७७३ मध्ये पेशवे नारायणरावांचा खून झाला, शास्त्र्यांनी चौकशी केली आणि गादीवर आलेल्या रघुनाथरावांना, म्हणजे राघोबाला, देहान्त प्रायश्चित्त सांगितलं. सांगलीच्या खाडिलकरांनी १९०९ मध्ये ‘भाऊबंदकी’त हा विषय रंगभूमीवर आणला, प्रभातनं १९४४ मध्ये पडद्यावर. गजानन जागीरदारांचे शास्त्री अजून डोळ्यांसमोरून हलत नाहीत. त्यांच्या पंगतीला बसायची हाव मला होती, अजून आहे. निकालाचं ते एक वाक्य यावं आणि थिएटर टाळ्यांनी दणाणावं, यासाठीच मी आधीची सगळी पानं रचत आलो.

अडतं ते बसण्यापाशी. एरवी न्यायाधीश वर, आरोपी खाली. इथं आरोपीच गादीवर. कॅमेरा शास्त्र्यांच्या खांद्यामागून लावला तर राघोबा भारी पडतो. खालून शास्त्र्यांवर लावला तर निकाल आधीच लागून जातो. हल्लीच्या मालिका राघोबाला दुष्ट करतात, ‘ध चा मा’ आनंदीबाईच्या माथी मारतात, चेहऱ्यांवर तीनदा झूम मारतात आणि मोकळ्या होतात. मला ते सहन होत नाही. ज्याच्या मोहिमेत १७५८ मध्ये मराठी झेंडे अटकेपर्यंत गेले, तो हा माणूस. तो सुटावा असं प्रेक्षकाला वाटलं पाहिजे, तरच शास्त्र्यांच्या तोंडचा शब्द जड होईल. पिलाताला आरोपी निर्दोष दिसतो, तरी तो जमावापुढे वाकतो. शास्त्र्यांपुढचा आरोपी दोषी आहे, आणि तोच धनी आहे.

शास्त्री मग पुणं सोडून वाईजवळच्या गावी गेले, असं साताऱ्यात रेसिडेंट असलेल्या ग्रँट डफनं १८२६ च्या इतिहासात लिहिलंय. तो प्रवासही मी रंगवला होता, कृष्णाकाठासकट. काढून टाकला. आता दोन पानं राघोबा बोलतो, अटकेपासूनचं सगळं. शास्त्र्यांना एकच वाक्य उरलंय, आणि तेही मला अजून लांब वाटतं.