जाळीचा झगा

बाप्तिस्म्याच्या वेळी बालकाच्या अंगावर शुभ्र वस्त्र घातले जाते आणि त्या क्षणापासून आम्हां कॅथलिकांच्या आयुष्याशी पांढऱ्या कापडाचे नाते जडते. प्रथम ख्रिस्तप्रसादाचा फ्रॉक पांढरा, वधूचा पायघोळ झगा पांढरा, आणि नाताळच्या नाटुकल्यात देवदूत झालेल्या चिमुकलीचा पोशाखही पांढराच. हे नाते आपण समजतो तितके जुने मात्र नाही. आमच्यापैकी कित्येकींच्या पणज्या लाल लुगड्यात वेदीसमोर उभ्या राहिल्या आणि त्याच लुगड्यात त्यांचे संसार सुखाचे झाले. १८४० साली इंग्लंडच्या राणी व्हिक्टोरियाने आपल्या लग्नात पांढरा पोशाख केला, त्यानंतर ती रीत जगभर पसरत गेली आणि यथावकाश आमच्या दारातही आली. आली ती मात्र घरचीच होऊन राहिली.

आमचे घर रे रोडला. १८८५ ते १८९० या काळात मुंबई इलाख्याचे गव्हर्नर असलेल्या लॉर्ड रे यांचे नाव या रस्त्याला मिळाले. कुर्ल्याहून निघालेला हार्बर मार्ग १९१० च्या डिसेंबरात प्रथम येथवर येऊन थांबला. बोरीबंदरपर्यंत विजेची गाडी धावू लागली ती १९२५ साली. एका बाजूला दारूखाना, त्यात जुनी जहाजे फोडून निघालेले लोखंड, साखळदंड, नांगर. दुसऱ्या बाजूला लाकडाच्या वखारी. पलीकडे बंदराचा चिखल. येथल्या हवेला गंजाचा वास आहे. पांढरे कापड दोरीवर वाळत घातले तर संध्याकाळी त्यावर काळी भुकटी दिसते. अशा ठिकाणी माझगावच्या जुन्या ईस्ट इंडियन कुटुंबांशेजारी गोव्याची, मंगळूरची, तामिळनाडूची आणि अहिल्यानगर जिल्ह्यातून आलेली कॅथलिक कुटुंबे येऊन वसली. त्या सर्वांचा मिळून आमचा समूह. त्यातल्या आम्ही अकरा बायका गेल्या आगमनकाळात पांढऱ्या जाळीच्या कापडाशी झुंजलो, त्याची ही हकीकत.

रविवारच्या धर्मशिक्षण वर्गातील चौदा मुलींना नाताळच्या कार्यक्रमात देवदूतांचे नृत्य करायचे होते. शिकवणाऱ्या तरुण मुलीने सांगितले, “सगळ्यांना टुटू हवेत.” टुटू म्हणजे बॅले नर्तकी घालतात तो फुगीर, थरावर थर असलेला जाळीचा आखूड घागरा. मुलींनी तो दूरदर्शन संचावर आणि फोनच्या पडद्यावर पाहिलेला होता; त्यांना तो समजावून सांगावा लागला नाही. समजावणे भाग पडले ते आम्हां आयांना. समूहातील सर्वांत ज्येष्ठ मावशींनी तर विचारले, “अगं, देवदूताला कमरेला इलॅस्टिक असते का?”

हसून झाल्यावर खरा प्रश्न पुढे आला. बाजारात तयार घागरे मिळतात, पण त्यांच्या किमतींत फार तफावत असते. एकीच्या मावशीने कुवेतहून मोत्यांचा फ्रॉक पाठवलेला होता. दुसरीचे वडील दारूखान्यात रोजंदारीवर लोखंड कापतात. पाऊस लांबला की त्यांची मजुरी बुडते. तिसरीची आई दोन घरची धुणीभांडी करून संध्याकाळी परतते. प्रत्येकीने आपापला पोशाख आणावा असे ठरले असते, तर गव्हाणीतील बाळासमोर चौदा देवदूतांची नव्हे, चौदा घरांच्या मिळकतीची रांग उभी राहिली असती. प्रथम ख्रिस्तप्रसादाच्या दिवशी ही रांग आपण कितीदा पाहतो! भाड्याने आणलेला फ्रॉक, त्यासाठी ठेवलेली अनामत, डाग पडेल म्हणून दिवसभर मुलीला बसू न देणारी आई. म्हणूनच पुष्कळ धर्मग्रामांत आता सर्व मुलींना एकसारखा साधा झगा असतो. आम्हीही ठरवले : एक कापड, एक माप, आणि शिवणार सगळ्याजणी मिळून.

कुवेतच्या फ्रॉकवाल्या मुलीच्या आईला हे रुचले नाही. “प्रेमाने आलेली वस्तू पेटीत का ठेवायची?” हा तिचा प्रश्न काही गैर नव्हता. आम्ही तिला उत्तर देऊ शकलो नाही. एवढेच म्हणालो, की फ्रॉक नाताळच्या मिस्सेला घाल, नृत्याला नको. ती दोन दिवस आली नाही. तिसऱ्या दिवशी स्वतःची कात्री घेऊन आली आणि आमच्यात तिचीच कात्री सर्वांत धारदार निघाली.

शनिवारी दुपारी आम्ही चौघी मशीद स्थानकावर उतरून मंगळदास मार्केटात गेलो. जाळीच्या कापडाला दुकानदार नेट म्हणतात. त्यात ताठ आणि मऊ असे दोन प्रकार. ताठ नेट, ज्याला कॅन-कॅन म्हणतात, ते झग्याच्या आत घालून घेर फुलवण्यासाठी. अंगाला ते टोचते. मुलींसाठी मऊ नेटच हवे. ५८ इंच पन्ह्याचे मऊ नेट एका घागऱ्याला ४ मीटर, म्हणजे चौदा घागऱ्यांना ५६ मीटर. आम्ही ६० मीटरचा ताका घेतला. हाती धरला तर एवढ्या कापडाला वजन म्हणून काही नव्हते. गाडीत मात्र त्याने दोन माणसांची जागा अडवली.

घागरा करण्याची रीत येथे सविस्तर देतो, कारण तिला शिवणयंत्र जवळजवळ लागत नाही आणि ती कोणालाही साधेल. मुलीची कंबर २० इंच असेल तर एक इंच रुंदीचे इलॅस्टिक १९ इंच कापावे, दोन्ही टोके एक इंच एकावर एक ठेवून पक्की शिवावीत. १८ इंचांचा पट्टा तयार होतो. तो खुर्चीच्या पाठीला अडकवावा. नेटच्या पन्ह्यातून ६ इंच रुंदीच्या नऊ लांब पट्ट्या निघतात. घागरा १२ इंच उंच हवा असेल तर साडेबारा इंचांचा पुठ्ठा घ्यावा. आम्ही जुन्या कॅलेंडरचा घेतला. पट्टी त्याभोवती गुंडाळावी आणि एकाच कडेला कात्री चालवावी. २५ इंचांचे सारखे तुकडे पडतात, प्रत्येक लांब पट्टीतून सहा, एकूण ५४. मग एक तुकडा मधोमध दुमडायचा, दुमडलेले टोक इलॅस्टिकच्या मागून वर काढायचे, दोन्ही सुटी टोके त्या फासातून ओवून खाली ओढायची. झाली गाठ. इंचाला तीन गाठी बसल्या पाहिजेत. फार आवळल्या तर इलॅस्टिक पिळवटते, सैल राहिल्या तर मध्ये फटी दिसतात. या जाळीचे धागे उसवत नाहीत, म्हणून कडेला दुमड घालावी लागत नाही. कडक इस्त्री मात्र कधीही लावू नये. आतून पांढऱ्या पॉपलिनचा साधा परकर हवाच; मर्यादेसाठी हवा आणि त्वचेसाठीही हवा.

पांढरी जाळी पांढऱ्या फरशीवर दिसतच नाही, म्हणून आम्ही खाली निळी चादर अंथरली. चौदा घागऱ्यांच्या साडेसातशेहून अधिक गाठी अकरा बायकांनी पाच संध्याकाळी बसून मारल्या. रोझरी म्हणत गाठी मारायच्या अशी कल्पना एकीने काढली. ती छान जमली, फक्त मणी मोजायचे की गाठी, याचा गोंधळ होई. ईस्ट इंडियन आजी, कोकणी बोलणारी सून आणि तामिळ शेजारीण यांचे शिवणाचे शब्द वेगळे, पण फास सर्वांचा सारखाच पडत होता.

आमच्यातील एक निवृत्त शिक्षिका काम करता करता या कापडाची गोष्ट सांगत. फ्रान्समधील तुल या गावावरून त्याला ट्यूल हे नाव पडले. पूर्वी अशी जाळी हाताने विणत. १८०९ साली जॉन हीथकोट नावाच्या इंग्रज कारागिराने ती विणणाऱ्या यंत्राचे पेटंट घेतले. १८१६ साली लफबरो येथील त्याच्या कारखान्यावर यंत्रविरोधी कामगारांनी हल्ला करून ५५ यंत्रे फोडली. हीथकोट आपले बिऱ्हाड टिव्हर्टनला घेऊन गेला. हे ऐकताना गिरणगावात वाढलेल्या आम्ही सगळ्याजणी गप्प झालो. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेला संप आमच्यापैकी अनेकींच्या वडिलांचा होता. कापडाचा कारखाना एका गावातून उठतो तेव्हा मागे राहणाऱ्यांचे काय होते, हे आम्हांला पुस्तकातून शिकावे लागले नाही.

१८३२ साली पॅरिसमध्ये मारी तालिओनी ही नर्तकी पातळ, पांढऱ्या, घंटेसारख्या झग्यात ‘ला सिल्फीद’ या नृत्यनाट्यात अवतरली आणि बॅलेचा पोशाख ठरून गेला. तिचीच शिष्या एम्मा लिव्री. त्या काळी रंगमंचावर गॅसच्या उघड्या ज्योती असत. कपड्यांना आग लागू नये म्हणून ते एका द्रावणात बुडवून काढण्याचा नियम तेथे होता. पण त्याने कापड ताठ व मळकट दिसते म्हणून एम्माने नकार दिला. १८६२ च्या नोव्हेंबरात तालमीच्या वेळी तिच्या झग्याने पेट घेतला. आठ महिने यातना सोसून १८६३ च्या जुलैत ती गेली. वय अवघे वीस.

गोष्ट संपली तेव्हा आमच्या हातातील गाठी थांबल्या होत्या. कारण नृत्याच्या शेवटी चौदाही मुलींनी पेटत्या मेणबत्त्या घेऊन गव्हाणीकडे जायचे, असे ठरलेले होते. संपूर्ण कार्यक्रमातील तोच सर्वांत सुंदर भाग. एक आई म्हणाली, “हे नायलॉन आहे, सुती थोडेच आहे? ते तसे पेटत नाही.” तेव्हा इलॅस्टिकचा विनोद करणाऱ्या त्या ज्येष्ठ मावशींनी काही न बोलता डाव्या हाताची बाही वर केली. मनगटापासून कोपरापर्यंत कातडी सुरकुतलेल्या मेणासारखी होती. इतकी वर्षे त्या पूर्ण बाहीचे पोलके का घालतात, हे आमच्यापैकी कोणी कधी विचारले नव्हते. सत्तरच्या दशकात घराघरांत रॉकेलचे स्टोव्ह होते आणि नायलॉनच्या साड्या नव्या आल्या होत्या. त्या एवढेच म्हणाल्या, “ते वितळते गं. आणि चिकटते. ओढून काढता येत नाही.”

वाद तेथेच मिटला. फादरांशी बोलून आम्ही क्रम बदलला. जाळी नेसलेल्या मुलींच्या हाती बॅटरीवर चालणारे दिवे दिले. खऱ्या मेणबत्त्या सुती कपडे घातलेल्या मोठ्या मुलांनी गव्हाणीच्या दुसऱ्या बाजूला, लांब धरल्या. पडद्याआड पाण्याच्या बादल्या व एक लोकरीचे कांबळे ठेवले. मुलींना शिकवले, की कपड्याला ठिणगी लागली तर धावायचे नाही, जमिनीवर पडून लोळायचे. आणि आयांना सांगितले, की भाजलेल्या जागी तूप, टूथपेस्ट, शाई काही न लावता वाहते थंड पाणी सोडत राहायचे आणि डॉक्टरांकडे न्यायचे. बॅटरीच्या दिव्याला मेणबत्तीची थरथर नाही, हे खरे. पण आईच्या काळजातही ती नव्हती.

वाचकहो, आपल्या धर्मग्रामात ईस्टरच्या जागरणाला, प्रथम ख्रिस्तप्रसादाला, मिरवणुकीला मुले पेटती मेणबत्ती हाती धरतात. संत पोप दहावे पायस यांनी ८ ऑगस्ट १९१० च्या फर्मानाने प्रथम ख्रिस्तप्रसादाचे वय सुमारे सात वर्षांवर आणले. सात वर्षांच्या हातातील ज्योत आणि समोरच्या मुलीचे तरंगते वेल यांत किती अंतर असते, ते यापुढे जरा पाहावे, एवढीच विनंती.

चौदा घागरे झाल्यावर ताक्यातील ४ मीटर कापड उरले. आमच्याच मजल्यावरची एक हिंदू शेजारणीची मुलगी रोज तालमीला दाराशी बसून सगळी पावले पाठ करत होती. यादीत तिचे नाव नव्हते आणि तिने ते कधी मागितलेही नाही. त्या कापडाचे काय करायचे यावर चर्चा झाली नाही. कोणीतरी पुठ्ठा उचलला, कोणीतरी इलॅस्टिक मोजले. देवदूत पंधरा झाले.

ते घागरे आता समूहाच्या पत्र्याच्या पेटीत आहेत, घरोघरी वाटलेले नाहीत. गाठी इलॅस्टिकवरून सरकतात, त्यामुळे कंबर वाढली तर पट्टा बदलून तोच घागरा पुन्हा बांधता येतो. तशी गरज पडणार आहे. जुन्या इमारती पाडल्या जात आहेत. दोन कुटुंबे मीरा रोडला गेली, एक वसईला. जाताना कुवेतच्या फ्रॉकवाल्या आईने विचारले, पेटी कोणाकडे राहणार? आम्ही म्हणालो, जिच्याकडे असेल तिच्याकडे आगमनकाळात सगळ्यांनी यायचे.

प्रेषितांच्या कृत्यांत यापो गावच्या टबीथेची कथा आहे. ती मरण पावली तेव्हा पेत्रापुढे विधवा रडत उभ्या राहिल्या आणि तिने त्यांच्यासाठी केलेली वस्त्रे त्याला दाखवू लागल्या. तिने काय उपदेश केला, कोणत्या प्रार्थना म्हटल्या, हे तेथे लिहिलेले नाही. तिची सत्कृत्ये, तिचे दानधर्म आणि ती वस्त्रे मात्र लिहून ठेवली आहेत. ती वस्त्रे रेशमी होती की जाडीभरडी, त्यांना घेर किती होता, याची नोंद करावी असे लूकला वाटले नाही. ती कोणासाठी शिवली होती, एवढे मात्र त्याने आठवणीने सांगितले.