कात्री कुणाच्या हातात?

चि. बाळास,


तुझ्या लघुपटातला चौकशीचा प्रसंग सौम्य करावा, असं तुला कुणीतरी सुचवलंय आणि तू तो पुरताच काढून टाकायच्या विचारात आहेस, हे वाचलं आणि लगेच लिहायला बसले. चित्रपट तुझा, निर्णयही तुझाच. पण त्याआधी लुच्यान पिंतिलियेबद्दल वाच. रुमानियाचे मुंजिऊ, पुयू हे आजचे दिग्दर्शक तुझ्या आवडीचे आहेत. त्यांच्यासाठी वाट या माणसाने पाडली.

तो १९३३ साली बेसाराबियातल्या तारुतिनो गावी जन्मला. ते गाव आता युक्रेनमध्ये आहे. नाव झालं ते आधी रंगभूमीवर, बुखारेस्टच्या बुलांद्रा थिएटरात. १९६८ साली त्याने ‘रेकोन्स्तितुइरेया’ हा आपला दुसरा चित्रपट केला. होरिया पात्राश्कुच्या कथेवरचा, आणि त्या कथेच्या मुळाशी खरीच घडलेली घटना होती. दोन पोरं दारू पिऊन मारामारी करतात. त्यांना सांगितलं जातं, तीच मारामारी कॅमेऱ्यापुढे पुन्हा करून दाखवा, दारूच्या दुष्परिणामांवर बोधपट निघेल आणि तुम्ही सुटाल. मग उन्हात दिवसभर तेच. चिखलात पड, पुन्हा पड, ठोसा खोटा वाटतोय, नीट मार. शेवटी ठोसा खरा बसतो आणि त्यातला एक पोरगा मरतो. जवळच्या मैदानावरचा फुटबॉलचा सामना संपलेला असतो, घरी निघालेली गर्दी भोवती जमते.

बाळ, या चित्रपटात क्रूर माणूस कुणीच नाही, हे मला त्यातलं सगळ्यात धारदार वाटतं. हे करवून घेणारा सरकारी वकील चांगला मोकळाढाकळा आहे, त्याला फक्त काम उरकून निघायचंय. मिलिशियाचा, म्हणजे तिथल्या पोलिसांचा, शिपाई हुकूम पाळतो. तिथे हजर असलेल्या मास्तरांना हे चाललंय ते बरं नाही असं वाटतं, पण त्यांचा आवाज कुणापर्यंत पोचत नाही. एखादा दुष्ट अधिकारी दाखवला असता, तर ‘ती एका माणसाची चूक’ म्हणून सरकारला हात झटकता आले असते. पिंतिलियेने ती सोय ठेवली नाही. १९७०च्या सुरुवातीला चित्रपट बुखारेस्टच्या एकाच थिएटरात, गाजावाजा न करता लावला गेला. तरी लोक आले. थोड्याच आठवड्यांत तो उतरवला, आणि हुकूमशहा चाउशेस्कूची राजवट कोसळेपर्यंत रुमानियात पुन्हा लागला नाही.

१९७२ साली बुलांद्रात त्याने गोगोलचं ‘इन्स्पेक्टर जनरल’ बसवलं. तिसऱ्या प्रयोगानंतर त्यावर बंदी आली. त्यानंतर त्याला काम मिळालं ते बहुतेक परदेशातच. पॅरिसमध्ये आणि अमेरिकेत त्याने नाटकं केली, युगोस्लाव्ह टीव्हीसाठी चेखवचा ‘वॉर्ड नंबर सहा’ केला. मधे मायदेशी एका चित्रपटाची संधी मिळाली. काराज्याले या रुमानियाच्या लाडक्या नाटककाराच्या प्रहसनावर त्याने १९८१ साली चित्रपट पुरा केला. तोही डब्यात गेला, तो १९९०पर्यंत.

हे लिहितानाही मन जड होतं. दिग्दर्शकाच्या उमेदीची वीसएक वर्षं म्हणजे केवढं नुकसान! धैर्य दाखवलं की फळ मिळतंच, असं खोटं मी तुला सांगणार नाही. त्याला निदान पॅरिसमध्ये रंगमंच मिळाला. देशातच राहून गप्प बसावं लागलेले किती असतील.

पण राजवट गेल्यावर तो परतला तेव्हा त्याची नजर शाबूत होती. १९९२च्या ‘बालान्त्सा’मधली नेला वडिलांची राख नेसकॅफेच्या बरणीत घालून, चाउशेस्कूच्या अखेरच्या काळातल्या काजळलेल्या रुमानियातून हिंडते. वडील गुप्त पोलिसांतले अधिकारी. तिचं त्यांच्यावर प्रेम होतं आणि ती त्यांची लेक आहे, यातून दिग्दर्शक तिला सोडवत नाही. १९९८ साली ‘टर्मिनस पॅराडिस’ला व्हेनिसमध्ये ज्युरींचं विशेष पारितोषिक मिळालं. आणि २००३ साली, सत्तरीला टेकलेल्या या माणसाने ‘निकी आणि फ्लो’ केला तो पुयू आणि राझ्वान रादुलेस्कू या दोन तरुणांच्या पटकथेवर. ज्यांच्यासाठी वाट पाडली, त्यांच्याच शब्दांवर त्याने शेवटचा मोठा चित्रपट उभा केला, याचं मला फार अप्रूप वाटतं. २००८ साली रुमानियन समीक्षकांनी तोवरचा सर्वोत्तम रुमानियन चित्रपट निवडला, तो ‘रेकोन्स्तितुइरेया’. २०१८ साली बुखारेस्टमध्ये पिंतिलिये गेला.

राजवटीने त्याचे चित्रपट अडवले, पण त्याच्या मनात सेन्सॉर बसवणं तिला जमलं नाही. तुझ्यावर तर अजून कुणी बंदी घातलेली नाही. फक्त एक सूचना आली आणि तू कात्री उचललीस. त्याची मला काळजी वाटते. आज एक प्रसंग गेला की पुढच्या वेळी तसा प्रसंग सुचणारच नाही, आणि ते तुझं तुलाही कळणार नाही.

तेव्हा तो प्रसंग पुन्हा बघ. लांबला असेल, खोटा वाटत असेल, तर बेलाशक काप. कुणाला खटकेल म्हणून मात्र कापू नकोस.

तुझी,
मावशी