पोरं सरळ करायला सैन्य?

‘सक्तीची लष्करी सेवा आणा, पोरं आपोआप सरळ होतील,’ हे मी पुण्यातल्या नातेवाइकांना प्रत्येक सुट्टीत ऐकवायचो. आम्ही सिंगापूरचे कायम रहिवासी. आईवडिलांमुळे हा दर्जा मिळालेल्या मुलांनाही तिथे दोन वर्षांची नॅशनल सर्व्हिस असते. मुलाला बोलावणं आलं तेव्हा बायको रडली, मी मात्र खूश होतो.

पहिल्या दिवशी पालकांनाही बोटीने तेकाँग बेटावर नेतात. मुलाची खोली दाखवतात, त्याच्यासोबत जेवायला बसवतात. (शाकाहारी ताट मिळतं हे कळल्यावर बायको निम्मी सावरली.) त्यानंतर तो घरी यायचा तो बहुतेक शनिवार-रविवारी, ‘बुक-आउट’ होऊन. मोरीत चिखलाचे कपडे ओतायचा आणि दुपारपर्यंत घोरायचा. तिकडे चादरीला सुरकुती पडलेली चालत नाही, घरी मात्र पलंगावर ओल्या टॉवेलचा ढीग. शिस्त तो बहुधा बोटीतच ठेवून येत असावा. मी विचारलं, काय शिकलास? म्हणाला, “बाबा, धावत जायचं आणि मग थांबायचं. आणि कुठेही झोपायचं.” रायफल साफ करायची, खोली झाडायची, हुकूम झाला की सगळ्यांनी एकदम पाणी प्यायचं, पहारा करायचा. शांततेच्या काळातलं सैनिकपण बहुतांशी असंच असतं.

मिळालं काहीच नाही असं नाही. एरवी ज्यांच्याशी गाठ पडली नसती अशा मलाय, चिनी, तमिळ पोरांबरोबर तो एका खोलीत राहिला. ते मी मानतो.

पण सिंगापूरने 1967 मध्ये ही सक्ती आणली ती पोरं सुधारायला नव्हे. स्वातंत्र्याला दोनच वर्षं झालेली, वस्ती जेमतेम वीस लाखांची, पायदळाच्या पलटणी दोन आणि ब्रिटिश सैन्य निघण्याच्या तयारीत. पगारी फौज उभी करायला ना माणसं होती ना पैसा. म्हणून आजही दोन वर्षं संपली तरी माणूस सुटत नाही, पुढे कित्येक वर्षं राखीव दलाची बोलावणी येत राहतात. ही त्यांची गरज आहे, आणि तिची किंमत ते जाणून मोजतात.

आपल्याला कसली गरज आहे? साताऱ्या-कोल्हापुरात पहाटे रस्त्यावर धावणाऱ्या पोरांना भरतीत जागा पुरत नाहीत. त्यांना परत पाठवायचं आणि माझ्या भाच्याला धरून न्यायचं, ते कशासाठी? तो उशिरा उठतो म्हणून? परवा मेहुण्यांनी माझंच जुनं वाक्य मला ऐकवलं, तेव्हा मी त्यांना हेच विचारलं. ते म्हणाले, “तुमचा सुटला ना, म्हणून बोलताय.”