दहाचा घात

मराठी माध्यमात शिकणाऱ्याच्या आयुष्यात मोठी संख्या प्रथम येते ती स्थानांच्या नावांची माळ होऊन: एकं, दहं, शतं, सहस्र. घोकता घोकता ही माळ कोटी, अब्ज, खर्व, निखर्व असे टप्पे घेत परार्धापर्यंत जाते, भास्कराचार्यांच्या 'लीलावती'तील (इ. स. ११५०) यादीही परार्धापाशीच थांबते आणि त्याची किंमत एकावर सतरा शून्ये एवढी आहे. ही नावे कानाला गोड लागत असली, तरी निखर्व मोठे की महापद्म, हे यादी पाठ असल्याखेरीज सांगता येत नाही, आणि नावे संपली की बोलणेच खुंटते.

माध्यमिक शाळेत या नावांची जागा घातांक घेतो, म्हणजे दहाच्या उजव्या खांद्यावर बसवलेला तो लहानसा अंक, जो एकाला दहाने किती वेळा गुणायचे ते सांगतो. वैज्ञानिक लेखनपद्धतीत संख्येचे दोन भाग पडतात: एक ते दहा यांच्यामधील एक संख्या आणि तिला जोडलेला दहाचा घात. प्रकाशाचा सेकंदाला २९,९७,९२,४५८ मीटर हा वेग या रीतीने सुमारे ३ गुणिले दहाचा आठवा घात होतो. अकरावीच्या रसायनशास्त्रात एका मोलमधील, म्हणजे सुमारे १८ ग्रॅम पाण्यातील, रेणूंची संख्या ६.०२२ गुणिले दहाचा तेविसावा घात अशी भेटते, तेव्हा साठ लाखांहून अधिक परार्ध सहज एका ओळीत मावलेले असतात.

शून्यांची बचत हाच या पद्धतीचा लाभ म्हणून पाठ्यपुस्तके सांगतात. तो खरा असला तरी दुय्यम आहे. १५०० मीटर असे लिहिले असता शेवटची दोन शून्ये मोजून आलेली आहेत की केवळ जागा भरण्यासाठी आहेत, हे वाचणाऱ्याला कळत नाही. तेच १.५ गुणिले दहाचा तिसरा घात असे लिहिले, की दोनच अंकांची खात्री आहे हे उघड होते, आणि १.५०० लिहिले तर चारही अंकांची हमी दिली जाते. अशा खात्रीच्या अंकांना सार्थ अंक म्हणतात. बारावीच्या परीक्षेत लॉग टेबल उघडणाऱ्याला ही विभागणी हातानेच करावी लागते, कारण टेबल फक्त अंकांचा भाग पुरवते आणि घाताचा भाग विद्यार्थ्याने स्वतः मांडायचा असतो. तेथे एकाची चूक झाली, तर सगळे अंक बरोबर असूनही उत्तर दहापट चुकते.

नोकरीच्या वयात हीच पद्धत न बोलावता येते. एक्सेलच्या तक्त्यात बारा अंकी आधार क्रमांक भरला की पडद्यावर ४.५७, पुढे रोमन ई आणि अधिक ११ असे काहीतरी उमटते, कारण यंत्र त्याला मोजमाप समजते. आधार क्रमांक हे मोजमाप नव्हे, अंकांत लिहिलेली ओळख आहे. तीत शेवटचा अंकही पहिल्याइतकाच मोलाचा असतो. रकाना रुंद करून 'संख्या' हे स्वरूप निवडले, की बारा अंक परत दिसतात. बँकेच्या सोळा अंकी खाते क्रमांकाचे मात्र तसे होत नाही, कारण एक्सेल पंधराच सार्थ अंक जपते आणि सोळाव्याच्या जागी शून्य ठेवते, म्हणून तो रकाना क्रमांक भरण्याआधीच 'मजकूर' म्हणून ठरवावा लागतो.